पहिला चमचा मामीचा

माझी मामी घरी रक्त करते. नवीन माणूस भेटला की मी हे वाक्य असंच, मागेपुढे काही न जोडता टाकते आणि त्याचं तोंड बघत बसते. तो जरा मागे सरकला की मग सांगते, की बाबा रे, नाटकातलं. खोटं. पावाला लावून खाल्लंस तरी काही होणार नाही, उलट आवडेल.

तिचं स्वयंपाकघर एरवी चारचौघींसारखंच आहे. खिडकीखाली ओटा, ओट्यावर शेगडी, शेगडीवर जाड बुडाचं पातेलं. फरक इतकाच की त्या पातेल्यात साखरेचा पाक उकळत असतो आणि त्यात ती पाण्यात कालवलेलं कॉर्नफ्लोअर, बिटाचा रस, अगदी बेताने खाण्याचा लाल रंग आणि वरून कोको पावडर घालते. कोको नसेल तर ते सरबत दिसतं. कोको पडला की जखम दिसते. टाइल्सवर शिंतोडे, फडक्यांवर डाग, सिंकमध्ये लाल पाणी. एकदा नळ दुरुस्त करायला आलेला माणूस सिंकमध्ये डोकावला, पाना गाडीत राहिला म्हणाला आणि जो गेला तो गेलाच. त्याची हत्यारांची पिशवी अजून आमच्या माळ्यावर आहे. मामा म्हणतो, पोलीस आले तर धरतील मलाच, कारण चेहरा माझाच तसा आहे.

मामा थिएटरात सुतार होता. दरवाजे, जिने, सिंहासनं, जे म्हणाल ते फळ्या ठोकून उभं करायचा. मामी त्याचा डबा घेऊन जायची. तेव्हा तिथे रक्त म्हणून पाण्यात कालवलेला पोस्टर कलर वापरत. एके दिवशी एक नट मरून विंगेत आला आणि बादलीत भडाभडा ओकला. मामी डबा हातात घेऊन उभी होती. तिने विचारलं, की हे तुम्ही माणसाच्या तोंडात घालता? आणि तशीच ती घरी आली नि पातेलं चढवलं. तेव्हापासून ती सगळ्या थिएटरची मामी झाली. मी तिथे कपडे शिवायला लागले ते नंतर, तिच्याच मागोमाग.

तिच्या कामाचे दोन नियम होते आणि दोन्ही समजून घ्या, कारण पुढचं सगळं रामायण त्यावरच आहे. पहिला नियम असा, की रक्त दोन जातींचं. कपड्याचं आणि तोंडाचं. कपड्याच्या रक्तात ती धुण्याचा पातळ साबण मिसळते, म्हणजे प्रयोगानंतर शर्ट भिजत टाकला की डाग सुटून येतो. ते प्लॅस्टिकच्या चोचीच्या बाटलीत भरायचं. तोंडाच्या रक्तात साबणाचा थेंबही नाही. ते काचेच्या बरणीत. ते कपड्यावर सांडलं की तो कपडा गेला, म्हणून माझी आणि तिची नेहमी वादावादी. दुसरा नियम, पहिला चमचा मामीचा. ज्याने कोणी रक्त तोंडात घ्यायचं असेल, त्याच्यासमोर विंगेत उभी राहून ती बरणीतला एक चमचा स्वतः गिळायची आणि मग त्याचा कप भरायची. कोणी सांगितलं नव्हतं तिला. ज्याला तोंड उघडून आपल्या हातचं घ्यायचंय त्याच्या मनात किंतु राहू नये, एवढंच तिचं म्हणणं.

आता मफलर. आमचा मुख्य नट. आवाज जपायचा म्हणून भर उन्हाळ्यातही गळ्याला मफलर, म्हणून सगळे पाठीमागे त्याला मफलर म्हणतात आणि समोर सर. आवाज खरोखर चांगला आहे. त्याचं हे एवढं एक मी नाकारणार नाही, बाकी सगळं नाकारते. त्या नाटकात तो म्हातारा सेनापती व्हायचा. शेवटी घायाळ होऊन घराच्या उंबरठ्याशी येतो, दाराला टेकून उभा राहतो, मुलगी त्याला पाठमोरी बसून तिचं लांबलचक मनोगत बोलते, आणि मग ती वळते तेव्हा याच्या तोंडातून रक्त ओघळतं. तेवढा सगळा वेळ त्याने ते गालात धरून ठेवायचं. थिएटर दर वेळी गप्प व्हायचं. बायका डोळे पुसायच्या. मीही पुसलेत.

एका प्रयोगाला त्याचे कोणी बडे ओळखीचे आले होते. मध्यंतरानंतर तो विंगेत त्यांच्याशी गप्पा छाटत उभा राहिला. मामीने रीतीप्रमाणे चमचा गिळला, कप भरला आणि टेबलावर ठेवला. याचं लक्ष नव्हतं. एन्ट्रीची ओळ आली तसा तो दचकला, टेबलावरचं हाताला लागलं ते उचललं, तोंडात पिळलं आणि आत धावला. हाताला लागली होती चोचीची बाटली. सैनिकाच्या शर्टासाठी ठेवलेली.

पुढचं काय सांगू. मुलगी वळली. सेनापतीच्या तोंडातून गुलाबी फेस आला. शेवटचं वाक्य बोलायला त्याने तोंड उघडलं आणि ओठावर एक भलामोठा फुगा आला, दिव्यात चमकला आणि फुटला. आख्खं थिएटर हसलं. गंभीर नाटकात लोक हसले की थांबता थांबत नाहीत. पडदा पडला तरी हसत होते.

तो विंगेत आला तो सरळ मामीच्या अंगावर. सगळ्यांसमोर म्हणाला, "या बाईने माझ्या तोंडाच्या रक्तात साबण घातलाय." मामीने टेबलाकडे बोट केलं. कप भरलेला होता. काठोकाठ. कोणी तोंडही लावलं नव्हतं. सगळ्यांनी बघितलं. मुलगी झालेल्या नटीने बघितलं, प्रॉम्प्टरने बघितलं, कंपनीच्या मालकीणबाई धावत आल्या त्यांनीही बघितलं. आणि सगळ्यांनी माना खाली घातल्या. मफलर गेला तर नाटक गेलं. मामी गेली तर काय, पातेलं गेलं. मालकीणबाई म्हणाल्या, मामी, तुम्ही थोडे दिवस घरीच राहा. मी त्या वेळी समोरच्या विंगेत कपड्यांचा ढीग घेऊन होते. मला कळलं तेव्हा मामी पिशवी भरत होती. मी भांडले. घसा बसेपर्यंत भांडले. भिंतीशी भांडल्यासारखं झालं.

हे तिथेच राहिलं असतं तर एक वेळ चाललं असतं. पण मफलरच्या जिभेला हाड नाही. स्वतःचं हसं झालं ते झाकायला त्याने गावभर सांगितलं की त्या बाईने डूख धरून मला साबण पाजला, मुलांच्या तोंडात तिच्या हातचं घालू नका. मामीचं रक्त शाळांच्या नाटकांना जायचं, कॉलेजांत जायचं. लहान लहान भुतं आणि राक्षस ते बोटाने चाटूनच संपवायची. एकेका शाळेने कळवलं की यंदा नको. एका आईने तर भर रस्त्यात आपल्या पोराला मामीजवळून ओढून पलीकडे नेलं. मामी घरी आली आणि पातेलं घासत बसली. स्वच्छ होतं ते.

ती त्याच्या घरी गेली होती. मला सोबत घेऊन गेली. तिचं मागणं फार नव्हतं. तुम्ही घाईत दुसरी बाटली उचललीत, एवढं चार लोकांत म्हणा, माणसाच्या हातून होतं. त्याने आम्हाला बसा म्हटलं नाही. मफलर सारखा करत म्हणाला, "मामी, मी एक शब्द बोललो की लोक मानतात. तुम्ही शंभर बोला, कोण ऐकणार?" आणि हसला. वाईट हसला असता तर मला चाललं असतं. तो दुकानदाराने चिल्लर नाही म्हणावं तसं हसला.

परत येताना मी दात-ओठ खात होते. त्याच्या सेनापतीच्या कोटात टाचण्या ठेवते म्हणाले, पॅन्टची शिवण कच्ची घालते म्हणाले. मामी म्हणाली, नको, कपडे तुझं काम आहे, कामाला बट्टा लावू नकोस. मग घर जवळ आल्यावर म्हणाली, "खरं बोलून खोटं ठरलं की कसं वाटतं, ते त्याला कळलं पाहिजे." आवाज अगदी शांत. माझा राग नाकावर असतो, येतो आणि जातो. मामीचा राग खाली बुडाशी बसतो आणि तिथेच मुरतो. मला त्या दिवशी तिची भीती वाटली आणि बरंही वाटलं.

इकडे कंपनीने दुकानातलं तयार रक्त आणलं. बाटलीवर खाण्यायोग्य असं लिहिलेलं होतं, आणि असेलही. पण त्यात रंग इतका ठासून भरलेला की मफलरचे दात, हिरड्या, जीभ सगळं गुलाबी झालं आणि गुलाबीच राहिलं. घासून घासून हिरड्या सोलल्या. त्यातच त्याचा कुठेतरी सत्कार झाला आणि तो हसतानाचा फोटो छापून आला. मामाने तो फोटो कापून फ्रिजवर लावला. रोज सकाळी दूध काढताना त्याला नमस्कार करायचा.

मग एका दुपारी मालकीणबाई स्वतः आमच्या घरी आल्या. स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसल्या. नाटक नव्याने उभं करतोय, तुमच्याशिवाय नाही व्हायचं, म्हणाल्या. मामी चहा गाळत होती. सरांना चालेल का, तिने विचारलं. चालेल म्हणजे काय, मालकीणबाई म्हणाल्या, ते म्हणतात झालं गेलं विसरून मी मामींना माफ केलंय. चहा गाळणारा मामीचा हात हलला नाही. माझ्या अंगाचा मात्र तिळपापड झाला. ज्याने करायची त्याने माफी मागितली नाही, वर हिला माफ करून मोकळा झाला.

मामी येते म्हणाली. अट एकच. पहिला चमचा पूर्वीसारखाच, विंगेत, सगळ्यांदेखत. आणि कप टेबलावर ठेवायचा नाही, माझ्या हातातून त्यांच्या हातात. मालकीणबाईंना त्यात काय वावगं वाटणार? उलट त्या म्हणाल्या, तेच बरं.

त्या गेल्यावर मामीने बाल्कनीतल्या कुंडीतली कोरफड कापली.

कोरफड तुम्हाला माहीत असेल. अंगठा चोखणाऱ्या पोरांच्या अंगठ्याला लावतात. पानाच्या सालीखाली पिवळा चीक असतो, तो जिभेच्या टोकाला लागला तरी जेवण होईपर्यंत तोंड कडू राहतं. मामीने तो थेंब थेंब काढला, पाकात घातला, कोको वाढवला, वास झाकला. दिसायला तेच रक्त. मला चमच्याच्या टोकावर दिलं. मी सिंककडे धावले, नळाखाली जीभ धरली आणि मामाला आईवरून काहीतरी बोलले, त्याचा काही संबंध नसताना. विष नव्हतं त्यात. कपभराने काही अपाय व्हायचा नव्हता. फक्त माणूस ते तोंडात ठेवू शकत नव्हता.

आणि इथेच खरी मेख होती. पहिला चमचा तर मामीचा. तिने तो गिळायचा, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत, मफलर समोर उभा असताना. तिच्या चेहऱ्यावर एवढंसं काही उमटलं की खेळ खलास. मी म्हटलं, तुझ्या चमच्यापुरतं गोड वेगळं ठेव. बरणी एकच असते, ती म्हणाली. ते तिला मोडायचं नव्हतं. सूड घेताना सुद्धा बाईला आपली रीत सांभाळायची होती, आता याला काय म्हणायचं?

मग तिने सराव सुरू केला. ओट्यावर दोन वाट्या, एकीत गोड, एकीत कडू. मामा समोर खुर्चीत. मी पाठ करून वाट्या फिरवायचे, मामी एका वाटीतला चमचा गिळायची आणि मामाने चेहऱ्यावरून ओळखायचं. पहिल्या दिवशी तो प्रत्येक वेळी बरोबर निघाला. म्हणाला, तुझी डावी भुवई उडते. तिने भुवई बसवली. मग म्हणाला, गिळल्यावर तू जीभ टाळूला लावतेस. तिने जीभ आवरली. मग म्हणाला, कडू असलं की तू माझ्याकडे फार प्रेमाने बघतेस, एरवी बघत नाहीस. त्यावर तिने चमचा फेकून मारला, पण तेही सुधारलं. दिवसामागून दिवस ती ते गिळत होती. जेवण उतरेना, चहा कडू लागायचा, पोटात ढवळायचं. मामा चेष्टा करायचा बंद झाला आणि पुरे कर म्हणायला लागला. तिने ऐकलं नाही. शेवटी एक दिवस तो बराच वेळ तिच्या तोंडाकडे बघत बसला आणि म्हणाला, नाही कळत बुवा. संसार केला इतकी वर्षं, नाही कळत. त्याला ते आवडलं नव्हतं. मला दिसलं ते.

प्रयोगाच्या संध्याकाळी थिएटर भरलेलं होतं. मी मुलीचा पांढरा झगा इस्त्री करून चढवला. त्या झग्याचं काय होणार हे मला माहीत होतं, तोंडाचं रक्त निघत नाही. स्वतः कातरलेलं, स्वतः शिवलेलं. गेलं तर गेलं, म्हटलं.

शेवटचा प्रवेश आला. विंगेत मामी बरणी घेऊन उभी. मालकीणबाई होत्या, प्रॉम्प्टर होता, बाकीचे मेलेले सैनिक होते. मफलर सेनापतीच्या कोटात आला, सगळ्यांकडे बघून जरा मोठ्याने म्हणाला, "मामी, आज साबण नाही ना?" चार जण हसले. मामीही हसली. चमचा भरला, तोंडात घातला, सावकाश गिळला. चेहरा असा, की दुपारचा चहा घेतेय. चमचा पुसला, कप भरून त्याच्या हातात दिला. त्याच क्षणी ओळ आली. त्याने कप तोंडात ओतला आणि आत गेला.

दाराला टेकला तोवर चव पोचली असावी. आधी डोळे मोठे झाले. मग मान आखडली. मुलगी पाठमोरी बसून संथपणे आपलं बालपण सांगत होती आणि तिच्या मागे सेनापतीच्या चेहऱ्यावर काय काय चाललं होतं म्हणून सांगू! गिळता येईना, थुंकता येईना. लोकांना वाटलं, काय वेदना दाखवतोय माणूस. पुढच्या रांगेतल्या एका बाईने रुमाल काढला. तो धरून राहिला, हे कबूल करते. मनोगताच्या मध्यापर्यंत धरून राहिला. मग पिचकारी सुटली, ती सरळ मुलीच्या पाठीवर आणि मानेवर. मुलगी किंचाळून वळली. आणि सेनापती उंबरठ्यात उभा राहून थू थू करत, जीभ बाहेर काढून कोटाच्या बाहीला पुसायला लागला. मग कोणीतरी मागून खुदकन हसलं आणि सगळं थिएटर फुटलं. पडदा ओढावा लागला.

तो आत आला. डोळ्यांत पाणी, हनुवटी लाल. "कडू आहे," तो ओरडला, "कडूजहर घातलंय हिने त्यात! चाखून बघा!"

मामीने बरणी उचलली, तोंडाला लावली आणि प्यायला लागली. अर्धी बरणी होती. घोट घोट, न थांबता, सगळी. खाली ठेवली तेव्हा तळाशी नुसती लाली होती. ओठ पदराने टिपले. भुवई नाही, जीभ नाही, काही नाही. मी तिच्या शेजारी उभी होते आणि मला माहीत होतं की तिच्या पोटात आता काय चाललं असेल. सगळ्यांनी मफलरकडे बघितलं. तो म्हणाला, "अरे, खरंच कडू होतं." त्याचं तोंड बघण्यासारखं झालं होतं.

आणि तेवढ्यात, जे आमच्या कोणाच्याच डोक्यात आलं नव्हतं ते झालं. मालकीणबाई पुढे झाल्या, मुलीला वळवलं, तिच्या झग्यावरचं रक्त बोटाने निपटलं आणि बोट तोंडात घातलं.

माझ्या तोंडचं पाणी पळालं. मामीने माझं मनगट धरलं होतं, ते दुखायला लागलं. मालकीणबाईंच्या गळ्याची शीर हलली. डोळे भरून आले, ते त्यांनी मिटून घेतले. गिळलं. मग मफलरकडे बघून म्हणाल्या, "गोड आहे. साखर जरा जास्तच झालीय."

मुलगी मान पुसत होती. तिच्या ओठावरही शिंतोडा होता, तो तिने चाटला होता, मी बघितलं होतं. ती म्हणाली, हो, गोडच आहे. प्रॉम्प्टरने चाखलंसुद्धा नाही, तरी मान डोलावली. मग एक सैनिक म्हणाला, की मग त्या वेळचा साबणही असाच असणार. दुसरा म्हणाला, कप तर भरलेलाच होता, मी बघितला होता. सगळ्यांना एकदम सगळं आठवायला लागलं.

मामी बाहेर गेली आणि थिएटरमागच्या गटाराशी बसून ओकली. मी तिची पाठ चोळत होते. मालकीणबाई चांगल्या निघाल्या गं, मी म्हटलं. ती तोंड पुसून म्हणाली, "आज बोलली. त्या दिवशी डोळ्यांनी दिसत होतं तेव्हा हिची जीभ कुठे गेली होती? तिला मी सोडलेलं नाही." मला वाटलं होतं आता हिचं मन निवलं असेल.

बातमी पसरायला वेळ लागला नाही. या वेळी सैनिकांनीच पसरवली. मफलर सांगत सुटला की कडू होतं, देवाशपथ कडू होतं, आणि लोक म्हणायचे, हो का सर, आणि एकमेकांकडे बघायचे. एका शाळेने मामीला बोलावलं, मग दुसरीने. काही दिवसांनी तो आमच्या दारात आला. मामीने त्याला स्टुलावर बसवलं. शेगडीवर पाक होता, ती ढवळत राहिली. तो म्हणाला, घरात बायकोसुद्धा मानत नाही हो. मला फक्त एवढंच सांगा, कडू होतं ना?

"होतं," मामी म्हणाली. "कोरफडीचा चीक. कुंडी ती बघा."

त्याचा जीव भांड्यात पडल्यासारखा दिसला. मग तो हळूच म्हणाला, की हे एकदा बाहेर सगळ्यांसमोर सांगाल का.

"सांगते की. उद्याच सांगते. आधी तुम्ही सांगा, त्या दिवशी कुठली बाटली तोंडाला लावलीत ते. तुम्ही तुमचं सांगा, मी माझं सांगते. दोघंही सुटू."

तो बसून राहिला. पाकाला बुडबुडे येत होते. मला वाटलं, हो म्हणेल. त्याला फक्त सात-आठ शब्द बोलायचे होते आणि आयुष्यभर त्याने दुसरं केलंय काय? तोंड उघडलंही त्याने. मग मफलर गळ्याभोवती नीट गुंडाळला आणि उठून गेला. मामाने आतून विचारलं, चहा न घेताच गेले का?

नाटक बंद पडलं नाही. उलट ज्याचं हसं झालं त्याला बघायला लोक येतात, आणि मग शेवटी रडून जातात, कारण आवाज चांगला आहेच. मामी प्रत्येक प्रयोगाला बरणी घेऊन विंगेत असते. त्यातलं रक्त आता गोड असतं. रोज गोड. मी स्वतः चाखते, म्हणून सांगते. कुंडीतली कोरफड वाढून कठड्याबाहेर गेलीय.

पण हे मफलरला माहीत नाही. तो समोर येऊन उभा राहतो. मामी चमचा भरते, तोंडात घालते, सावकाश गिळते. तो तिच्या भुवईकडे बघतो, ओठांकडे बघतो, गळ्याकडे बघतो. आत मुलीचा आवाज सुरू झालेला असतो. कप त्याच्या हातात येतो. तक्रार करायची सोय नाही, करणार कोणाकडे, आणि मानणार कोण? तो डोळे मिटतो आणि घेतो.

मला परवा त्याची किंचित दया आली. घरी येताना मी मामीला म्हटलं, अगं, एकदा सांगून टाक ना त्याला की गोड असतं. किती दिवस असं करणार?

ती म्हणाली, "नाटक चालेल तितके."